चार मार्कांचा कॅमेरा

तुम्ही जर्मनीत राहत असाल तर ते मशीन तुम्ही पाहिलं असणारच. डीएम किंवा रोसमनसारख्या दुकानात, शाम्पूच्या रांगा संपल्या की कोपऱ्यात उभं असतं. फोन जोडायचा, फोटो निवडायचे, पैसे भरायचे, आणि खालच्या खाचेतून गरम गरम फोटो उचलायचे. दरवर्षी साताऱ्याला जाण्याआधी मी तिथे अर्धा तास घालवते. आजीला व्हॉट्सॲपवरचे फोटो पटत नाहीत. "ते बघून झालं की जातात कुठे?" असं ती विचारते, आणि खरं सांगायचं तर मला याचं नीट उत्तर देता येत नाही.

आमचा कोडॅकवरचा भाग ऐकून एका श्रोतीने विचारलं होतं: "आमच्या घरी कोडॅक नव्हताच, ॲग्फाचा काळा डबा होता. त्या कंपनीचं काय झालं?" भागात उत्तर द्यायला वेळ पुरला नाही, म्हणून हा लेख. दुसरं कारण जरा घरचं आहे. दोन वर्षांपूर्वी आजीने मला बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा दिला. आत बटर पेपरमध्ये गुंडाळलेल्या निगेटिव्ह होत्या, आजोबांनी ॲग्फा क्लिक थ्रीवर काढलेल्या. मी राहते कोलोनला. ती फिल्म ज्या कंपनीच्या नावाची, तिचं गाव लेव्हरकूझेन इथून लोकल ट्रेनने पंधरा-वीस मिनिटांवर. डबा साताऱ्याहून इथे आला आणि मला वाटलं, वस्तू माहेरी आली. माहेरचं घर मात्र पडलेलं होतं.

ॲग्फा हे नाव कुणा माणसाचं नाही. 'आक्ट्सिएनगेझेलशाफ्ट फ्यूर अनिलिनफाब्रिकात्सिओन' या लांबलचक जर्मन नावाचं ते लघुरूप. अर्थ साधा: अनिलिन बनवणारी भागभांडवली कंपनी. अनिलिन म्हणजे डांबरापासून निघणारं, कापडाचे कृत्रिम रंग बनवायचं मूळ रसायन. १८६७ मध्ये बर्लिनजवळ रुमेल्सबुर्गला पाउल मेंडेल्सझोन बार्टोल्डी आणि कार्ल अलेक्झांडर फोन मार्टियुस या दोघांनी हा धंदा सुरू केला. यातला पाउल म्हणजे प्रसिद्ध संगीतकार फेलिक्स मेंडेल्सझोनचा मुलगा. १८९१ मध्ये इथल्या मोमं आंद्रेझन या रसायनशास्त्रज्ञाने रोडिनाल नावाचं, फोटो धुण्याचं द्रावण बाजारात आणलं. 'धुण्याचं' हा शब्द मी मुद्दाम वापरतेय. आपण मराठीत रोल 'धुवायला टाकायचो', कपड्यांसारखा. कंपनीची सुरुवात कपड्यांच्या रंगातून झाली हे कळल्यावर मला आपला शब्द फारच समर्पक वाटायला लागला. १९०९ मध्ये वोल्फेन या गावी फिल्मचा प्रचंड कारखाना उभा राहायला लागला, आणि १९२५ मध्ये ॲग्फा, बायर, बीएएसएफ वगैरे कंपन्या एकत्र येऊन आय.जी. फार्बेन हा अजस्र रसायन-समूह तयार झाला. त्याच वर्षापासून म्युनिकचा एक कॅमेरा-कारखाना ॲग्फाच्या नावाने चालू लागला.

आता या लेखाच्या नावातली गोष्ट. १९३२ साल. जर्मनीत साठ लाखांच्या आसपास माणसं बेकार होती. अशा वेळी कॅमेरा कोण घेणार? ॲग्फाने एक युक्ती केली. जर्मनीत नाणी वेगवेगळ्या शहरांत पाडली जायची आणि प्रत्येक टांकसाळीचं एक अक्षर नाण्यावर असायचं. बर्लिनचं 'ए', कार्ल्सरूहचं 'जी', श्टुटगार्टचं 'एफ'. कंपनीने जाहीर केलं: एकेक मार्काची चार नाणी अशी आणा की त्यांवरची अक्षरं जुळवून 'ए-जी-एफ-ए' व्हावं, आणि कॅमेरा घेऊन जा. चार मार्कांत! देशभर लोक खिशातली चिल्लर उलटी करून बघायला लागले. या मोहिमेत नऊ लाखांच्या घरात कॅमेरे खपले असं सांगितलं जातं.

मी ही गोष्ट पहिल्यांदा वाचली तेव्हा ती मला फक्त जाहिरातीची करामत वाटली. पण जरा हिशेब करून बघा. चार मार्कांत कॅमेरा विकून कुणाचं पोट भरणार? कमाई होती ती पुढच्या रोलमध्ये. त्या डब्यात एका रोलवर आठ फोटो निघायचे. आठ फोटो संपले की नवा रोल, तो धुवायला रसायन, छापायला कागद. एकेका फोटोवर कंपनी तीनदा कमवायची. कॅमेरा हा गळाला लावलेला किडा होता. हे लक्षात ठेवा, कारण सत्तर वर्षांनी हीच गोष्ट कंपनीला भोवली.

मध्ये रंग आला. रंगाच्या बाबतीत मराठी माणसाने जर्मनीत हात पोळून घेतलेले आहेत, तेही सांगते. १९३३ मध्ये प्रभात फिल्म कंपनीचा 'सैरंध्री' रंगीत करायचा म्हणून व्ही. शांताराम रिळं घेऊन जर्मनीला आले. तेव्हाची पद्धत दोनच रंगांत काम भागवणारी होती, तिला बायपॅक म्हणत. रंग भडक आणि बेसूर निघाले, आणि प्रभातने पुढची कितीतरी वर्षं कृष्णधवलच पसंत केलं. ते तीन वर्षं थांबले असते तर? १९३६ मध्ये वोल्फेनच्या शास्त्रज्ञांनी ॲग्फाकलर नॉय ही फिल्म आणली. रंग तयार करणारी द्रव्यं त्यांनी फिल्मच्या थरांतच बसवली होती, त्यामुळे ती धुणं सोपं झालं. कोडॅकची कोडाक्रोम आदल्या वर्षी आली होती, पण ती धुण्याचा खटाटोप इतका किचकट होता की रोल कंपनीकडेच पाठवावा लागे. युद्धानंतर ॲग्फाचं तंत्र दोस्त राष्ट्रांनी खुलं केलं आणि इटलीपासून जपानपर्यंत अनेकांनी ते उचललं.

युद्धाचा काळ घाईने ओलांडता येत नाही. आजोबांच्या क्लिकचा आराखडा जिथून आला, त्याच म्युनिकच्या कारखान्यात सप्टेंबर १९४४ पासून डाखाऊ छळछावणीची एक उपछावणी होती. सुमारे पाचशे बायका तिथे बाँबच्या सुरुंगी घड्याळांचे भाग जोडायच्या. आधी पोलंडच्या, मग नेदरलँड्सच्याही. जानेवारी १९४५ मध्ये त्यातल्या डच बायकांनी पातळ होत गेलेल्या सूपवरून काम थांबवलं. छळछावणीत संप! मला हे वाचून दोन दिवस दुसरं काही सुचलं नव्हतं. वोल्फेनच्या फिल्म कारखान्यातही कैदी आणि गुलाम मजूर राबवले गेले. आपल्या अल्बममधल्या कंपन्यांचा इतिहास बघायचा तर तो असा सगळाच बघावा लागतो.

१९४५ नंतर कंपनीची देशासारखीच फाळणी झाली. वोल्फेन रशियनांच्या ताब्यात गेलं, पश्चिमेच्या वाट्याला लेव्हरकूझेनचा फोटो-कागदाचा कारखाना आणि म्युनिकचा कॅमेरा-कारखाना आला. काही वर्षं दोन्हीकडे ॲग्फाच. मग १९६४ मध्ये पूर्वेकडच्यांनी 'ओरिजिनल वोल्फेन'चं ओर्वो केलं, आणि त्याच वर्षी पश्चिमेच्या ॲग्फाने बेल्जियमच्या गेव्हार्टशी हातमिळवणी केली.

आपल्याकडे ही दोन्ही भावंडं पोचली. पूर्व जर्मनीशी भारताचा व्यवहार रुपयांत चालायचा, डॉलर लागत नसत, त्यामुळे ओर्वोची फिल्म भारतात भरपूर आली. सत्तरच्या दशकातले बरेच हिंदी चित्रपट तिच्यावर निघाले आहेत. पश्चिमेची ॲग्फा आली ती कॅमेऱ्याच्या रूपात. क्लिक थ्री भारतातच बनायचा, बडोद्याच्या न्यू इंडिया इंडस्ट्रीजमध्ये. हलका, काळा, प्लास्टिकचा. १२० नंबरचा रोल, त्यावर बारा चौकोनी फोटो. ऊन आहे की ढग एवढंच ठरवायचं, बाकी काही नाही. बारा फोटोंत आजोबांनी माझ्या बाबांचं बारसं, कुणाची तरी मुंज आणि नवी सायकल असं तीन वेगवेगळ्या महिन्यांतलं बसवलेलं आहे. रोल संपेपर्यंत धुवायला टाकायचा नाही हा घरचा कायदा होता.

चला, आता मूळ प्रश्नाकडे. काय झालं त्या कंपनीचं?

नेहमीचं उत्तर असं दिलं जातं: डिजिटल कॅमेरे आले आणि जुन्या कंपन्या झोपून राहिल्या. मॅनेजमेंटच्या वर्गांत हे उत्तर फार लाडकं आहे. कोडॅकच्या बाबतीतही हे पुरतं खरं नाही (पहिला डिजिटल कॅमेरा १९७५ मध्ये कोडॅकच्याच इंजिनिअरने जुळवला होता), आणि ॲग्फाच्या बाबतीत तर अजिबात नाही. ॲग्फाने १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धातच ई-फोटो नावाने सामान्य ग्राहकांसाठी डिजिटल कॅमेरे विकायला सुरुवात केली. ई-फोटो १२८० आणि १६८० हे त्यातले गाजलेले. त्यांची लेन्स असलेली बाजू फिरवता यायची, म्हणजे आज आपण ज्याला सेल्फी म्हणतो तो पडद्यात बघून काढता येई. त्या काळात! सोबत फोटोजिनी नावाची प्रणाली यायची, ती कमी ठिपक्यांच्या चित्रात मधले ठिपके अंदाजाने भरून ते मोठं करायची. १२८० हा आकडा त्या भरलेल्या ठिपक्यांसकटचा, सेन्सरचा नव्हे. घरगुती स्कॅनरही होते, स्नॅपस्कॅन नावाचे. जुने फोटो आणि निगेटिव्ह कॉम्प्युटरवर घ्यायला अनेकांनी ते वापरले.

म्हणजे वस्तू होती, नाव होतं, ग्राहक होता. मग २००१ मध्ये ॲग्फाने हे घरगुती डिजिटल कॅमेरे आणि स्कॅनर सगळेच बंद का केले?

इथे चार मार्कांचा हिशेब परत काढा. कॅमेरा हा किडा, रोल हा मासा. डिजिटल कॅमेऱ्याच्या मागे रोल नाही. कॅमेरा विकला की व्यवहार संपला. मग कमाई कॅमेऱ्यातच व्हायला हवी, आणि त्यासाठी सेन्सर, चिप, पडदे स्वतः बनवता यायला हवेत. ते बनवत होते सोनी, कॅनन, ऑलिम्पस, सान्यो. सहा महिन्यांनी आधीचं मॉडेल शिळं व्हायचं आणि किंमत कोसळायची. म्युनिकला कॅमेरे बनवणंसुद्धा ॲग्फाने १९८० च्या दशकाच्या सुरुवातीलाच थांबवलं होतं. ॲग्फाचं खरं कौशल्य रसायनात होतं, आणि डिजिटल कॅमेऱ्यात रसायन नव्हतं. तिथे ती दुसऱ्याने बनवलेल्या डब्यावर स्वतःचं नाव चिकटवणारी एक कंपनी होती, इतर वीस कंपन्यांसारखी.

आणि एक गोष्ट फिल्मचा कारखाना आतून कसा चालतो ते कळल्याशिवाय ध्यानात येत नाही. फिल्म कशी बनते? मीटरभरापेक्षा रुंद आणि किलोमीटरच्या हिशेबात लांब अशा पारदर्शक पट्ट्यावर चांदीच्या क्षारांचे आणि जिलेटिनचे अनेक पातळ थर एका दमात चढवतात. सगळं मिट्ट काळोखात. वोल्फेनला ही कामं पिढ्यानपिढ्या बायकांनी केली, अंधारात हाताने वस्तू ओळखत. अशा एका मोठ्या गुंडाळीतून मग हजारो छोटे रोल कापले जातात. हे यंत्र 'थोडंसं' चालवता येत नाही. मागणी निम्मी झाली म्हणून खर्च निम्मा होत नाही. आपल्याकडे साखर कारखान्याला ऊस कमी पडला की जे होतं तेच. बॉयलर पेटवायचा खर्च तेवढाच, पोती मात्र कमी. हा कारखाना हळूहळू आटत नाही, एका मर्यादेखाली गेला की एकदम बंदच पडतो.

बायरने १९९९ मध्ये ॲग्फा-गेव्हार्टचे शेअर बाजारात आणले आणि काही वर्षांत स्वतः पूर्ण बाहेर पडली. उरलेल्या कंपनीला दवाखान्यांची एक्स-रे चित्रं आणि छापखान्यांचा माल यात भविष्य दिसत होतं. २००४ मध्ये तिने ग्राहकांच्या फोटोंचा सगळा विभाग, म्हणजे फिल्म, कागद, रसायनं आणि रंगीत लॅबमधली मोठी मशीनं, वेगळा काढून विकला. किंमत होती १७ कोटी ५५ लाख युरो. घेणारी नवी कंपनी ॲग्फाफोटो. १ नोव्हेंबर २००४ ला ती सुरू झाली. त्या मशीनांमध्ये डी-लॅब नावाची डिजिटल मिनीलॅबही होती. निगेटिव्ह घाला किंवा मेमरी कार्ड, फोटो त्याच खऱ्या कागदावर निघायचा. मला विचाराल तर या सगळ्या कहाणीतली ही सगळ्यात शहाणी वस्तू होती. जुनं आणि नवं एकाच खिडकीत घेणारी.

मे २००५ च्या शेवटी ॲग्फाफोटोने दिवाळं जाहीर केलं. सात महिने!

फिल्मची विक्री अंदाजापेक्षा फार वेगाने घसरली होती आणि हातात रोकड नव्हती. गिऱ्हाईक शोधायचा प्रयत्न झाला, शरद ऋतूत तो सोडून द्यावा लागला, आणि वर्ष संपताना कारखाना आवरायला घेतला. जर्मनीत अठराशेच्या आसपास माणसं या कंपनीत होती, सगळ्यात जास्त लेव्हरकूझेनला. त्यांना वर्षभरापूर्वी नव्या मालकाकडे सोपवलं होतं, जुन्या घरातली हमी मागे ठेवून. चूक कुणाची, पैसा कुठे अडकला, यावर जुनी कंपनी आणि नवी कंपनी यांच्यात नंतर वर्षानुवर्षं भांडणं चालली. मला त्यात एक गोष्ट साधी वाटते: बुडणारी होडी आहे हे माहीत असलेल्याने ती विकली आणि प्रवासी आतच ठेवले. हे माझं मत. कायद्याने काय ठरतं ते वेगळं.

नाव मात्र मेलं नाही. ॲग्फाफोटो हे नाव वापरायचा परवाना वेगवेगळ्या कंपन्यांनी घेतला, आणि आजही त्या नावाचे कॅमेरे, मेमरी कार्डं, बॅटऱ्या दुकानांत दिसतात. बनवणारे दुसरेच. मागच्या हिवाळ्यात मी इथल्या एका दुकानात लाल ठिपक्याचं ते चिन्ह एका टॉर्चच्या बॅटरीवर पाहिलं आणि उगाचच वाईट वाटलं. म्युनिकची ॲग्फाची उंच इमारत फेब्रुवारी २००८ मध्ये सुरुंग लावून पाडली. कंपनीने जमवलेला जुन्या छायाचित्रांचा मोठा संग्रह तेवढा वाचला, तो आता कोलोनच्या म्युझियम लुडविगकडे आहे.

इथे गोष्ट संपवता आली असती, पण त्याच वर्षी त्याच देशात आणखी एक गोष्ट घडत होती आणि ती फारशी कुणी सांगत नाही. उत्तरेला ओल्डेनबुर्ग नावाचं शहर आहे. तिथे १९१२ मध्ये कार्ल व्योल्ट्ये नावाच्या माणसाने फोटो स्टुडिओ काढला. त्याच्या नावाच्या आद्याक्षरांचा जर्मन उच्चार 'त्से' आणि 'वे'. त्याचा जावई हाइन्ट्स नॉयम्यूलर याने १९६१ मध्ये त्सेवे कलर ही रंगीत फोटो धुऊन देणारी कंपनी काढली. तिने कॅमेरा बनवला नाही, फिल्म बनवली नाही. किराणा दुकानात किंवा औषधांच्या दुकानात तुम्ही पाकिटात रोल टाकायचा, वर नाव लिहायचं, रात्रीत तो प्रयोगशाळेत जायचा आणि दोन-चार दिवसांत फोटो त्याच दुकानात परत यायचे. आपल्या नाक्यावरच्या स्टुडिओवाल्या काकांचं काम, फक्त हजारो दुकानांतून.

या कंपनीवरही तीच कुऱ्हाड पडली. किंबहुना दुहेरी. रोलवरचे छत्तीस फोटो आपण छत्तीसच्या छत्तीस छापायचो, डोळे मिटलेले, बोट आलेले, सगळे. कार्डवरच्या पाचशेतले पाच छापतो. त्सेवेने प्रयोगशाळा बंद केल्या, तिथलीही माणसं घरी गेली, हे विसरू नका. पण तिचं गिऱ्हाईक फिल्मचं नव्हतं, फोटोचं होतं. माणूस दुकानात रोल घेऊन आला काय नि फाइल घेऊन आला काय, त्याला हवं होतं ते हातात धरायला. २००५ मध्ये, ॲग्फाफोटो बुडाली त्याच वर्षी, त्सेवेने फोटोबुख आणलं. कार्डात पडून राहिलेले ते शंभर-दोनशे फोटो घरी बसून पानांवर मांडायचे आणि छापील, बांधीव पुस्तक घरी मागवायचं. तुम्ही जर्मन मित्राच्या घरी गेलात आणि सुट्टीचं जाडजूड पुस्तक तुमच्या मांडीवर ठेवलं गेलं, तर ते बहुतेक याच वंशातलं. आज युरोपभर दरवर्षी लाखोंच्या संख्येने ही पुस्तकं छापली जातात. डीएमच्या कोपऱ्यातलं माझं ते मशीनही त्याच घरचं.

यात ॲग्फाला उचलता येण्यासारखा धडा होता का? मला शंका आहे. ही पुस्तकं बहुतेक छापखान्याच्या शाईने छापतात, चांदीच्या कागदावर नाही. त्सेवे वाचली ती अशा वस्तूमुळे, जिला ॲग्फाच्या कारखान्याची गरजच उरली नव्हती. लेव्हरकूझेनमध्ये काळोखात थर चढवणाऱ्या माणसाने कितीही हुशारी दाखवली असती तरी तो पुस्तकबांधणी करणारा झाला नसता. म्हणून 'बदला नाहीतर संपाल' छापाची भाषणं ऐकली की मला त्या अठराशे जणांची आठवण येते. बदलणारे आणि संपणारे बहुतेक वेळा एकच नसतात.

आता आजीच्या प्रश्नाकडे, "बघून झालं की जातात कुठे?"

आमच्या घरी पहिला डिजिटल कॅमेरा २००५ मध्ये आला. बाबांनी हौसेने घेतला. तीन वर्षं आम्ही फक्त त्यावर फोटो काढले. आजोबा तेव्हा थकलेले, अंगणात खुर्ची टाकून बसायचे. कुणीही येता-जाता त्यांचा फोटो काढायचं, कारण फुकट होता. शेकडो फोटो असतील. बाबांनी ते कॉम्प्युटरवर ठेवले, आणि जपून राहावेत म्हणून इंटरनेटवरच्या एका अल्बमच्या सेवेतही चढवले. २००८ मध्ये आजोबा गेले. पुढे कॉम्प्युटरची डिस्क गेली. मग ती सेवा बंद झाली. तिने आधी कळवलं होतं म्हणे, बाबांच्या जुन्या, कुणी न उघडणाऱ्या ई-मेल पत्त्यावर. जपून ठेवायचे म्हणून जिथे दिले तिथूनच गेले. बाबांनी दोन सीडी काढून ठेवल्या होत्या, त्यातली एक वाचली जात नाही आणि दुसरीवर माझ्या शाळेचं स्नेहसंमेलन आहे.

त्यामुळे आमच्या घरात १९६८ चे फोटो आहेत आणि २००६ चे नाहीत. तुमच्या घरीही बघा. आपल्यापैकी अनेकांच्या अल्बममध्ये साधारण २००३ ते २०१० या काळात एक भोक आहे: रोल संपले होते, पुस्तकं छापायची सवय लागली नव्हती, आणि मधल्या सेवा एकेक करून मिटल्या. ॲग्फाने आजोबांची निगेटिव्ह जपायचा शब्द कधी दिला नव्हता. माल विकला आणि विसरली. बुडाली तेव्हा त्या निगेटिव्हना त्याची खबरही लागली नाही. त्या बिस्किटांच्या डब्यात, फडताळात, साताऱ्याच्या हवेत पडून होत्या.

मी त्या निगेटिव्ह इथे स्कॅन करून घेतल्या. चाळीस-एक निवडल्या, दुकानातल्या त्या मशीनवर पुस्तक केलं, आणि मे महिन्यात जाताना घेऊन गेले. आजीने चष्मा लावून एकेक पान उलटलं. बारशाच्या फोटोत कोण कोण हयात आहे ते मोजलं. मग संगम माहुलीच्या घाटावरचा एक फोटो आला. आजी विशीतली, नऊवारीत, उन्हाने डोळे बारीक केलेली. त्या काळचा नियमच होता की फोटो काढणाऱ्याने सूर्य पाठीशी घ्यायचा. त्यामुळे फोटोच्या खालच्या भागात, पायऱ्यांवर, एका माणसाची लांब सावली पडलीय. मान खाली, दोन्ही हात पोटाशी, कारण क्लिक तसाच पोटाशी धरून वापरायची आजोबांची सवय होती. स्कॅन करताना मला ती सावली खटकली होती. कापून टाकावी असं क्षणभर वाटलंही होतं.

आजीने त्या सावलीवर बोट ठेवलं.

"आणि हे हे," ती म्हणाली.